झारच्या हौसेची रिळे

सोव्हिएत दिग्दर्शिका एस्फिर शुब यांचा ‘रोमानोव्ह घराण्याचा अस्त’ हा रशियाच्या शेवटच्या राजघराण्यावरचा १९२७ सालचा माहितीपट जुन्या रिळांतून जुळवलेला आहे. त्यातली कितीतरी रिळे दरबाराच्याच कॅमेरामननी, राजाच्या हौसेखातर टिपलेली होती.

मे १८९६ मध्ये मॉस्कोत झार म्हणजे रशियाचा सम्राट दुसरा निकोलस याचा राज्याभिषेक झाला, तेव्हा सिनेमाचे फ्रेंच जनक ल्युमिएर बंधू यांची माणसे कॅमेरा घेऊन हजर होती. सिनेमाचे वय तेव्हा वर्षभराचेही नव्हते. चारच दिवसांनी खोदिन्का मैदानावर राज्याभिषेकाचा मग आणि खाऊ फुकट मिळणार म्हणून लोटलेल्या गर्दीत हजारावर माणसे चेंगरून मेली. तिथले चित्रण पोलिसांनी जप्त केल्याचे एका कॅमेरामनने पुढे सांगितले. उरले काय, तर संचलने, मिरवणुका आणि घराण्याच्या राज्याला तीनशे वर्षे झाल्याचा १९१३ चा सोहळा. त्याच वर्षी एका सरकारी कागदाच्या समासात झारने सिनेमा म्हणजे पोकळ, निरुपयोगी, घातकसुद्धा, असा शेरा मारला. घरी मात्र हौसेने पडदा लागायचा!

पुढे महायुद्ध आले आणि शहरांत पावासाठी रांगा लागल्या. २३ फेब्रुवारी १९१७ रोजी राजधानी पेत्रोग्राडच्या कापडगिरण्यांतल्या बायका पाव मागत रस्त्यावर उतरल्या. (आपल्या कॅलेंडरने ती ८ मार्च, महिला दिनाची तारीख, रशियाचे कॅलेंडर तेव्हा १३ दिवस मागे होते.) चार दिवसांत शहरातल्या पलटणीही फुटून त्यांना मिळाल्या. झार होता मोगिलेव्हच्या लष्करी मुख्यालयात. राजधानीकडे निघालेली त्याची गाडी वाटेत अडली, वळवावी लागली आणि प्स्कोव्हला येऊन थांबली. रशियाच्या कॅलेंडरने २ मार्चला तिथेच, रेल्वेच्या डब्यात, त्याने गादी सोडली. आधी मुलाच्या नावे, मग विचार बदलून भाऊ मिखाइलच्या नावे. मिखाइल दुसऱ्याच दिवशी नको म्हणाला. १६१३ पासूनचे राज्य संपले.

शुब मुळात संकलक. परदेशी चित्रपट कापून-जोडून सोव्हिएत प्रेक्षकांजोगे करणे हे त्यांचे रोजचे काम. १९२६ मध्ये लेनिनग्राडला (पेत्रोग्राडचेच नवे नाव) जाऊन त्यांनी ओल लागलेल्या, विस्कटलेल्या साठ्यातली सुमारे ६०,००० मीटर फिल्म डोळ्यांखालून घातली. नव्या चित्रणापेक्षा त्यांची भिस्त कात्रीवर आणि मूकपटात मधे येणाऱ्या मजकुराच्या पाट्यांवर. एका ठिकाणी जहाजाच्या डेकवर बडी मंडळी नाचताहेत; पाटी येते, घामाघूम होईपर्यंत नाचल्याची. लगेच पुढच्या दृश्यात राबणारे शेतकरी, त्यांनाही घाम फुटलेला.