यिर्मया (संदेष्टा)

यिर्मया (कार्यकाळ सु. इ. स. पू. ६२७–५८५) : जेरुसलेम राजधानी असलेल्या यहूदाच्या राज्याची अखेर डोळ्यांनी पाहिलेला हिब्रू संदेष्टा. बायबलमधला एक ग्रंथ त्याच्या नावाने आहे. जेरुसलेमच्या ईशान्येस सुमारे ५ किमी.वरील अनाथोथ हे त्याचे गाव. आजच्या अनाता या पॅलेस्टिनी गावाच्या नावात ते टिकून आहे. वडील हिल्कीया हे याजक, म्हणजे पुरोहितांच्या कुळातले. संदेष्टा म्हणजे ज्योतिषी नव्हे. देवाचा निरोप राजाला आणि लोकांना तोंडावर सांगणे हे त्याचे काम, आणि यिर्मयाचा निरोप कुणालाच नको होता.

यहूदाच्या योशीया राजाच्या तेराव्या वर्षी त्याला पाचारण झाले. त्या वेळी अश्शूरचे साम्राज्य ढासळत होते. योशीयाने इ. स. पू. ६२२ च्या सुमारास परक्या दैवतांची पूजास्थाने मोडून उपासना जेरुसलेमच्या मंदिरात एकवटली, पण इ. स. पू. ६०९ मध्ये मगिद्दो येथे इजिप्तच्या नखो फारोने त्याला मारले. इ. स. पू. ६०५ मध्ये कार्कमीशच्या लढाईत बाबेलच्या (बॅबिलोनच्या) नबुखद्नेस्सराने इजिप्तला हरवले आणि लहानसे यहूदा दोन सत्तांच्या कात्रीत सापडले. बाबेलला खंडणी द्यायची की इजिप्तच्या भरवशावर ती थांबवायची, यावर दरबारात सतत दोन तट होते. यिर्मयाचे म्हणणे पहिल्यापासून अखेरपर्यंत एकच : बाबेलचे जू मानेवर घ्या आणि जगा. ते लोकांना दिसावे म्हणून तो स्वतः लाकडी जू घालून हिंडला. हनन्या नावाच्या दुसऱ्या संदेष्ट्याने ते मोडले आणि दोन वर्षांत बाबेलची सत्ता संपेल असे सांगितले. लोकांना अर्थातच हनन्या आवडला.

यिर्मयाची भाषा रोजच्या वस्तूंवर उभी आहे. त्या वस्तू कशा बनतात हे माहीत असले की ती नीट उलगडते. ‘जिवंत पाण्याचा झरा सोडून लोकांनी फुटकी टाकी खोदली’ हे त्याचे वाक्य घ्या. यहूदाच्या डोंगरात बारमाही नद्या नाहीत. चुनखडीचा खडक खोदून पावसाचे पाणी टाक्यात साठवावे लागे. तोंड अरुंद, खाली पोट रुंद, आतून चुन्याचा गिलावा. खडकाला भेग असली किंवा गिलावा निखळला की पाणी झिरपून जाते, आणि हे कळते ते ऐन उन्हाळ्यात, तळाशी नुसता गाळ उरल्यावर. कुंभाराच्या दोन दृश्यांतला फरकही असाच. त्याच्या ग्रंथाच्या अठराव्या अध्यायात चाकावर बिघडलेले भांडे कुंभार त्याच मातीतून पुन्हा घडवतो. माती ओली आहे तोवर ते शक्य असते. एकोणिसाव्या अध्यायात यिर्मया भाजलेली सुरई फोडतो, आणि ती पुन्हा सांधत नाही. आधी पश्चात्तापाला वाव आहे, मग तो संपला आहे.

त्याच्या लेखनाची हकीकत छत्तिसाव्या अध्यायात येते. प्राचीन ग्रंथ कसा तयार होई याचे इतके स्पष्ट वर्णन बायबलमध्ये अन्यत्र क्वचितच मिळते. इ. स. पू. ६०५ मध्ये यिर्मयाने तेवीस वर्षांची वचने तोंडी सांगितली व नेरीयाचा मुलगा बारूख याने ती शाईने गुंडाळीवर उतरवली. यिर्मयाला मंदिरात जायला बंदी होती, म्हणून बारूखाने ती उपवासाच्या दिवशी मंदिराच्या आवारात, शाफानाचा मुलगा गमऱ्या याच्या खोलीतून वाचली. पुढे ती यहोयाकीम राजासमोर गेली. महिना नववा, म्हणजे थंडीचा. राजापुढे शेगडी पेटलेली. तीनचार रकाने वाचून झाले की राजा लेखनिकाच्या चाकूने तेवढा भाग कापून विस्तवात टाकी. चामडे जळताना उग्र दुर्गंधी सुटते, म्हणून ही गुंडाळी पपायरसची, म्हणजे लव्हाळ्यापासून केलेल्या कागदाची असावी असे अनेक अभ्यासक मानतात. यिर्मयाने बारूखाकडून सगळे पुन्हा लिहवून घेतले आणि त्यात भर घातली.

वेढ्यातला जमीनव्यवहार (अध्याय ३२) हा माझ्या मते साऱ्या ग्रंथाचा कणा आहे. यहूदाचा राजा सिद्कीया याच्या दहाव्या वर्षी जेरुसलेमला बाबेलचा वेढा पडला होता आणि यिर्मया पहारेकऱ्यांच्या चौकात कैदेत होता. चुलतभाऊ हनमेल अनाथोथचे शेत विकायला आला. भाऊबंदांची जमीन सोडवून घेण्याचा पहिला हक्क जवळच्या नातेवाइकाचा असे. शत्रूच्या फौजेखाली गेलेले ते शेत यिर्मयाने १७ शेकेल रुप्याला घेतले. शेकेल हे तेव्हा नाणे नव्हते, वजन होते, सुमारे ११.४ ग्रॅमचे, म्हणजे जवळजवळ १९४ ग्रॅम चांदी तराजूत तोलून दिली. खरेदीखत लिहिले, साक्षीदारांनी सह्या केल्या. एक प्रत मोहोरबंद, एक उघडी. यहूदाच्या वाळवंटात सापडलेल्या नंतरच्या काळातील दुहेरी दस्तांवरून या रीतीचे कारण समजते : उघडा मजकूर कुणीही वाचावा, आणि त्यात खाडाखोड झाल्याचा वाद निघाला तर मोहोर फोडून आतला मजकूर ताडून पाहावा. दोन्ही प्रती त्याने मातीच्या मडक्यात ठेवायला सांगितल्या, कारण त्या पुष्कळ दिवस टिकायला हव्या होत्या. नगर पडणारच असे सांगणारा माणूस तिथली जमीन रीतसर विकत घेत होता.

अशा दस्तांच्या मोहोरा खरोखर सापडल्या आहेत. दावीदनगर या जेरुसलेमच्या सर्वांत जुन्या भागात १९८२ च्या उत्खननात एका जळालेल्या घरात पन्नासहून अधिक मातीच्या मोहोरा मिळाल्या. बाबेलच्या आगीत पपायरस नष्ट झाला, पण त्याच आगीने मातीचे ठसे भाजून पक्के केले. त्यांतल्या एकीवर ‘शाफानाचा मुलगा गमऱ्या’ हे नाव आहे. बारूखाच्या नावाची प्रसिद्ध मोहोर मात्र उत्खननातली नाही. ती पुराणवस्तूंच्या बाजारातून आली आणि आता तज्ज्ञ तिला बनावट मानतात. दोन्ही मोहोरा एकत्र पुरावा म्हणून देण्याची चूक लोकप्रिय लेखनात अजून दिसते.

त्याच वेढ्यात अधिकाऱ्यांनी यिर्मयाला पाण्याच्या टाक्यात सोडले. पाणी नव्हते, तो चिखलात रुतला. टाक्याचे तोंड अरुंद असल्याने वर चढणे अशक्य. एबद-मलेख या कूशी (इजिप्तच्या दक्षिणेकडील कूश देशाच्या) सेवकाने दोरांबरोबर जुन्या चिंध्याही खाली सोडल्या आणि त्या काखेत घ्यायला सांगितले, म्हणजे ओढताना दोर काचणार नाहीत. इ. स. पू. ५८७ मध्ये (काहींच्या गणनेने ५८६) तट फुटला, मंदिर जळाले. पुढे बाबेलने नेमलेला कारभारी गदल्या याचा मिस्पा येथे खून झाला आणि सूडाच्या भीतीने पळालेल्या लोकांनी यिर्मयालाही इजिप्तमधील तहपन्हेस येथे नेले. त्याचा मृत्यू बायबलने सांगितलेला नाही.

ग्रंथाची दोन रूपे आहेत. ग्रीक रूप हिब्रूपेक्षा सुमारे एक अष्टमांशाने लहान, आणि इतर राष्ट्रांविषयीची वचने त्यात शेवटी नसून मध्ये येतात. मृत समुद्राजवळच्या कुमरान येथे दोन्ही प्रकारच्या हिब्रू प्रतींचे तुकडे मिळाल्याने, लहान रूप ही भाषांतरकाराची काटछाट होती ही समजूत मागे पडली.

परंपरेने बायबलमधले विलापगीतही यिर्मयाचेच मानले जाते, जरी त्यात कवीचे नाव नाही. मंदिर पडल्याच्या आठवणीत ज्यू पंचांगातल्या अव महिन्याच्या नवमीला ज्यू लोक उपवास करून ते वाचतात. कोकणातल्या बेने इस्रायल या मराठी ज्यूंत हा दिवस बिरड्याच्या नावाने, ‘बिरड्याचा सण’ म्हणून ओळखला जाई.