हिमनदी-पदभ्रमण

हिमनदी-पदभ्रमण : बुटांना पोलादी काटे बांधून, प्रशिक्षित मार्गदर्शकाच्या मागोमाग हिमनदीच्या उघड्या बर्फावरून केलेली काही तासांची चाल. गिर्यारोहणाचा कसलाही अनुभव नसलेल्या, पण दोन-तीन तास चढउतार चालू शकणाऱ्या कोणालाही ती जमते. आइसलँड, नॉर्वे, आल्प्स पर्वत, कॅनडातील अथाबास्का हिमनदी, अर्जेंटिनातील पेरितो मोरेनो आणि न्यूझीलंडच्या दक्षिण बेटावरील फ्रान्झ जोसेफ व फॉक्स या हिमनद्या तिच्यासाठी प्रसिद्ध आहेत. प्रस्तुत नोंदीत दक्षिण आइसलँडमधील सोलहेमायोकुट्ल या हिमनदीचे उदाहरण मुख्यतः घेतले आहे. राजधानी रेक्याविकपासून ती सुमारे १६० किमी. अंतरावर असून मोटारीचा रस्ता संपल्यावर थोडे चालले की बर्फाशी पोहोचता येते. त्यामुळे आयुष्यात प्रथमच हिमनदीवर पाऊल ठेवणाऱ्यांची तेथे वर्षभर ये-जा असते. आइसलँडी भाषेत ‘योकुट्ल’ म्हणजे हिमनदी किंवा बर्फाने झाकलेला पर्वत.

बोलीभाषेत आपण आकाशातून पडणाऱ्या भुसभुशीत हिमालाही बर्फ म्हणतो आणि गोठून घट्ट झालेल्या पाण्यालाही. या विषयात मात्र दोहोंतील फरक जीवनमरणाचा असल्यामुळे तो आरंभीच स्पष्ट करणे आवश्यक आहे. उंच भागात वर्षानुवर्षे साचलेले हिम स्वतःच्याच भाराखाली दाबले जाते, त्यातील हवा हळूहळू बाहेर पडते वा बुडबुड्यांत कोंडली जाते आणि अखेर त्याचा घट्ट, स्फटिकमय बर्फ बनतो. हा बर्फ पुरेसा जाड झाला की उतारावरून वाहू लागतो : काही अंशी तळाच्या खडकावरून घसरून आणि काही अंशी आतल्या आत आकार बदलत. वरचा थर मात्र ठिसूळ असतो. उतार एकाएकी वाढला किंवा दरी वळली की त्याला ताण सोसत नाही व तो फाटतो. या फटींना हिमभेगा म्हणतात. गिर्यारोहकांच्या तोंडी ‘क्रिव्हास’ हाच शब्द असतो. त्या सामान्यतः तीस-चाळीस मीटरांपेक्षा अधिक खोल जात नाहीत, कारण त्याखाली दाबामुळे बर्फ फाटण्याऐवजी दबत व सरकत राहतो.

हिमनदीच्या वरच्या भागात वर्षभरात वितळते त्याहून अधिक हिम साचते, तर खालच्या भागात साचते त्याहून अधिक वितळते. उन्हाळ्यात खालच्या भागावरील हिमाचे पांघरूण निघून जाते, उघडा बर्फ दिसू लागतो आणि त्याबरोबर प्रत्येक हिमभेगही नजरेस पडते. वरच्या भागात तीच भेग ताज्या हिमाच्या पातळ पुलाखाली लपलेली असते आणि अनुभवी माणसालाही ती ओळखता येईलच असे नाही. म्हणून तेथे सर्वांनी एकमेकांना दोराने बांधून घेऊन चालण्याची पद्धत आहे. नवशिक्यांची चाल उघड्या बर्फावर ठेवली जाते ती याच कारणासाठी. दोर न बांधता चालणारा गट पाहून अनेकांना हा निष्काळजीपणा वाटतो. वस्तुतः जेथे धोका डोळ्यांना दिसतो आणि वळसा घालून टाळता येतो, तेथे एकाच्या घसरण्याने सर्वांना ओढून नेणारा दोर उलट अपायकारक ठरू शकतो.

पैसे देऊन वाटाड्याबरोबर हिमनदी पाहण्याची प्रथा आल्प्समधील. १७४१ साली विल्यम विंडम व रिचर्ड पोकॉक हे इंग्रज प्रवासी शामोनीच्या खोऱ्यात गेले आणि त्यांच्या वर्णनामुळे तेथील ‘मेर द ग्लास’, म्हणजे बर्फाचा समुद्र, ही हिमनदी युरोपभर माहीत झाली. १८२० मध्ये माँ ब्लाँ पर्वतावर हिमकडा कोसळून तीन वाटाडे मृत्युमुखी पडले, त्यानंतर पुढच्याच वर्षी शामोनीत वाटाड्यांची संस्था स्थापन झाली. ती आजही कार्यरत आहे. त्या तिघांचे अवशेष १८६१ पासून बोसाँ हिमनदीच्या खालच्या टोकाशी बर्फातून बाहेर येऊ लागले. ते साधारण चाळीस वर्षांनी खाली येतील, असा अंदाज हिमनद्यांच्या गतीचा अभ्यास करणारे स्कॉटिश शास्त्रज्ञ जेम्स फोर्ब्स यांनी आधीच बांधला होता. हिमनदी वाहते या विधानाचा याहून करुण आणि याहून नेमका पुरावा सापडणे कठीण. बुटाच्या काट्यांना आजचे रूप येण्यास मात्र विसावे शतक उजाडावे लागले. इंग्रज गिर्यारोहक ऑस्कर एकेन्स्टाइन यांनी १९०८ च्या सुमारास दहा काट्यांच्या साच्याची रचना मांडली, इटलीतील कूरमायर येथील लोहार हेन्री ग्रिव्हेल यांनी ती घडवली आणि १९२९ मध्ये त्यांचा मुलगा लोराँ याने पुढच्या बाजूचे दोन काटे जोडले. त्यापूर्वी खड्या बर्फावर कुऱ्हाडीने एकेक पायरी खोदत चढावे लागे.

सोलहेमायोकुट्ल ही मिरदाल्सयोकुट्ल या विस्तीर्ण हिमटोपीतून, म्हणजे पर्वतमाथा झाकणाऱ्या बर्फाच्या जाड आवरणातून, दक्षिणेकडे उतरणारी सुमारे ८ किमी. लांबीची हिमनदी आहे. या हिमटोपीखाली कात्ला हा जागृत ज्वालामुखी असून त्याचा शेवटचा मोठा उद्रेक १९१८ मध्ये झाला. पश्चिमेला लागूनच असलेला आयाफ्यात्लायोकुट्ल २०१० मध्ये जागा झाला तेव्हा त्याच्या राखेने युरोपातील विमानवाहतूक अनेक दिवस ठप्प झाली होती. या शेजारामुळे सोलहेमायोकुट्लचा बर्फ चित्रात दिसतो तसा शुभ्र नाही. त्यात राखेचे काळे पट्टे आहेत आणि १९१८ च्या उद्रेकाची राख वरच्या हिमात गाडली जाऊन, बर्फाबरोबर वाहत, आता खालच्या भागात पुन्हा उघडी पडली आहे. पहिल्यांदा येणाऱ्याला हा काळा रंग घाण वाटतो आणि थोडी निराशा होते. ती राख कधीची हे कळले की तोच माणूस वाकून ती बोटांवर घेऊन पाहतो.

चालीला निघण्यापूर्वी प्रत्येकाला शिरस्त्राण, कमरेचा पट्टा म्हणजे हार्नेस, आइस ॲक्स म्हणजे बर्फाची कुऱ्हाड व क्रॅम्पॉन म्हणजेच बुटांचे काटे दिले जातात. हार्नेस हा चढाईसाठी नसून एखादा भेगेत पडल्यास त्याला दोराने वर काढता यावे यासाठी असतो. बूट घोट्याच्या वर येणारे आणि तळाशी फारसे न वाकणारे हवेत, कारण मऊ तळ चालताना वाकतो आणि काट्यांची पकड सुटते. सह्याद्रीच्या कातळावर मऊ रबरी तळाचे बूट जसे उपकारक, तसेच ते येथे निरुपयोगी. सुती कपडे व जीन्स टाळावी. ओली झाली की ती अंगातील ऊब शोषून घेते. हातमोजे उन्हाळ्यातही घालावेत. हा सल्ला केवळ थंडीसाठी नाही : उघड्या बर्फाचा पृष्ठभाग खरखरीत आणि धारदार असतो व साध्या घसरण्यातही उघडा तळहात सोलवटून निघतो.

काटे बर्फाच्या कडेला पोहोचल्यावरच बांधतात. बुटाची टाच मागच्या कडीत घट्ट बसली पाहिजे, पट्ट्याचे बक्कल पायाच्या बाहेरच्या अंगाला आले पाहिजे आणि पट्ट्याचे लोंबते टोक आत खोचले पाहिजे; कारण ते टोक दुसऱ्या पायाच्या काट्यात अडकले तर माणूस तोंडावर पडतो. मार्गदर्शक प्रत्येकासमोर गुडघा टेकून ही बांधणी स्वतः ओढून पाहतो आणि दहा-पंधरा मिनिटे चालून झाल्यावर पुन्हा एकदा सर्वांना थांबवून तपासतो, कारण तोवर पट्टे थोडे सैल झालेले असतात. ज्या गटात ही दुसरी तपासणी होत नाही तेथे ती स्वतःहून मागावी.

चालण्याची रीत सोपी आहे, पण सवयीविरुद्ध आहे. घसाऱ्यावरून उतरताना आपण टाच रोवतो, कातळ चढताना चवड्यावर भार देतो, निसरड्या उतारावर पाऊल आडवे करून बुटाची कड वापरतो. काटे बांधलेल्या पायाने यांपैकी काहीही करायचे नसते. पाऊल पूर्ण सपाट टाकायचे, म्हणजे तळाचे सगळे काटे एकदम बर्फात शिरतात. उतार तिरका असला तरी घोटा वळवून तळवा उताराला समांतर ठेवायचा. दोन पायांत नेहमीपेक्षा अधिक अंतर राखायचे, जेणेकरून एका पायाचे काटे दुसऱ्या पायाच्या विजारीत गुंतणार नाहीत. पावले आखूड, जरा आपटून आणि न फरफटवता टाकायची. उतरताना शरीर आपोआप मागे रेलते आणि तेथेच बहुतेक जण चुकतात : मागे रेलल्यावर पुढच्या काट्यांवरचा भार कमी होतो आणि पाय सटकतो. गुडघे वाकवून, किंचित पुढे झुकून, खुर्चीत बसता बसता थांबल्यासारखे उतरायचे. काटे नीट शिरले की करकर असा कोरडा आवाज येतो आणि थोड्याच वेळात कानाला त्या आवाजावरूनच पाऊल बरोबर पडल्याचे समजू लागते.

मार्गदर्शकाच्या मागे एका रांगेत, शक्यतो त्याच्याच पावलांवर पाऊल ठेवून चालणे हा येथील पहिला नियम. त्यामागचे कारण हिमनदीच्या स्वभावात आहे. डोंगरातील वाट वर्षानुवर्षे तीच राहते. हिमनदीवर कायमची वाट असूच शकत नाही. उन्हाळ्यात पृष्ठभाग दर दिवशी काही सेंटिमीटर वितळतो, काल खोदलेल्या पायऱ्या आज गोल होऊन निसरड्या झालेल्या असतात, एखादी भेग रुंदावलेली असते आणि एखादा बर्फाचा पूल नाहीसा झालेला असतो. म्हणून मार्गदर्शक सकाळी कुऱ्हाडीने पायऱ्या नव्याने खोदतात आणि परतलेला गट पुढच्या गटाला वाटेची हालहवाल सांगतो. पर्यटकाने मार्गदर्शकाला जे शुल्क द्यायचे ते खरे तर या आजच्या माहितीचे असते. नकाशा, उपग्रहाद्वारे दिशा दाखवणारे यंत्र किंवा गेल्या वर्षी येऊन गेलेल्या मित्राचा अनुभव यांपैकी कशातही ती मिळत नाही. आइसलँडमधील पर्वत-मार्गदर्शकांच्या संघटनेने हिमनदीवरील कामासाठी स्वतंत्र, टप्प्याटप्प्यांचे प्रशिक्षण ठरवलेले आहे. भेगेतून माणूस वर काढण्याचे तंत्र हा त्याचा आवश्यक भाग असतो.

नवशिक्यांची फेरी सहसा तीन-चार तासांची असते आणि त्यातील एक ते दोन तास प्रत्यक्ष बर्फावर जातात. वाटेत थांबण्यासारखे पुष्कळ असते. वितळलेले पाणी ज्या उभ्या विवरांतून हिमनदीच्या पोटात शिरते त्यांना फ्रेंच भाषेतील चक्की या अर्थाच्या शब्दावरून ‘मूलँ’ म्हणतात. त्यांच्या कडेला मार्गदर्शक एकेकालाच, हात धरून नेतो. भेगांच्या आतला बर्फ निळा दिसतो, कारण बर्फ प्रकाशातील तांबडा भाग अधिक शोषून घेतो आणि दाट, कमी बुडबुड्यांच्या बर्फातून प्रकाश लांबवर जाऊ शकतो. माणसाच्या गुडघ्याएवढे किंवा त्याहून उंच काळे शंकू जागोजागी उभे असतात. ते राखेचे ढीग वाटतात, पण कुऱ्हाडीचा हलका घाव घातला की बोटभर राखेखाली स्वच्छ बर्फ निघतो. राखेचा विरळ थर ऊन शोषून बर्फ लवकर वितळवतो, जाड थर मात्र पांघरुणासारखा त्याचे रक्षण करतो. भोवतालचा बर्फ खचतो आणि झाकलेला तेवढा शंकूसारखा उरतो. कधीकधी बर्फावर मुठीएवढे हिरवे शेवाळाचे गोळे सुटे पडलेले आढळतात. १९५१ मध्ये आइसलँडचे हवामानशास्त्रज्ञ योन एय्थोरसन यांनी त्यांना ‘हिमनदीचे उंदीर’ असे नाव दिले. हे गोळे जागा बदलतात, सर्व बाजूंनी हिरवे राहतात. त्यांना हात लावू नये.

धोके नाहीत असे नाही. हिमनदीच्या मुखाशी आणि बर्फाच्या गुहांत कोसळणारा बर्फ हा भेगेइतकाच गंभीर धोका आहे. २५ ऑगस्ट २०२४ रोजी आइसलँडमधील वात्नायोकुट्ल या हिमटोपीच्या ब्रेइदामेरकुरयोकुट्ल या शाखेवर मार्गदर्शकांबरोबर गेलेल्या गटावर बर्फ कोसळून एका पर्यटकाचा मृत्यू झाला आणि उन्हाळ्यात गुहांमध्ये पर्यटक नेण्याच्या प्रथेवर देशभर प्रश्न उपस्थित झाले. उन्हाळ्यात गुहा दाखवण्याचे आमिष असलेली फेरी नवशिक्याने घेऊ नये, असेच येथे म्हणावे लागेल. सोलहेमायोकुट्लवर ज्वालामुखीचा धोका वेगळा आहे. कात्लाच्या उष्णतेने हिमटोपीखाली साचलेले पाणी अचानक फुटून महापूर येतो. त्याला जगभर ‘योकुल्हलॉप’ हा आइसलँडी शब्दच रूढ आहे. जुलै १९९९ मध्ये असा पूर या हिमनदीखालून बाहेर पडला होता. येथून निघणाऱ्या नदीला गंधकाच्या वासामुळे ‘फुलिलेकुर’, म्हणजे दुर्गंधी ओढा, असे जुने नाव आहे आणि हा वास वाढला की जाणकार सावध होतात.

महाराष्ट्रातील अनेकांची हिमनदीशी पहिली भेट हिमालयात, गोमुख किंवा पिंडारीच्या पदभ्रमणात झालेली असते. परंतु ती हिमनदी-पदभ्रमणाहून वेगळी गोष्ट आहे. तेथे वाट हिमनदीच्या कडेच्या हिमोढांवरून, म्हणजे तिने वाहून आणलेल्या दगडमातीच्या ढिगांवरून, दगडधोंड्यांतून मुखापर्यंत जाते आणि काटे बांधण्याची वेळ सहसा येत नाही. गंगोत्रीसारख्या हिमनदीचा खालचा भाग दगडमातीने इतका झाकलेला आहे की आपण बर्फावर उभे आहोत हेही ध्यानात येत नाही. काट्यांनी चालण्याचे शिक्षण भारतात मुख्यतः उत्तरकाशीच्या नेहरू गिर्यारोहण संस्थेसारख्या ठिकाणच्या प्राथमिक अभ्यासक्रमात मिळते आणि तो जवळपास महिनाभराचा असतो. ज्याला हा विषय खरोखर शिकायचा आहे त्याच्यासाठी ती वाट अधिक योग्य.

हिमनद्या आक्रसत असल्यामुळे या चालीचे स्वरूपही बदलत आहे. न्यूझीलंडमध्ये फ्रान्झ जोसेफ हिमनदीवर दरीतून पायी चढण्याची सोय २०१२ पासून बंद झाली, कारण मागे हटलेल्या बर्फाभोवतीचे उतार ढासळू लागले. आता तेथे हेलिकॉप्टरनेच उतरावे लागते. सोलहेमायोकुट्लच्या मुखाची मोजणी १९३० पासून होत असून तिचा आरंभ ‘हिमनदीच्या उंदरांचे’ नाव देणाऱ्या एय्थोरसन यांनीच केला. या नोंदींनुसार १९७० च्या सुमारापासून १९९५ पर्यंत हिमनदी काहीशी पुढे सरकली होती. त्यानंतर ती सतत मागे जात आहे आणि तिच्यासमोर पूर्वी नसलेले सरोवर तयार झाले आहे. जवळच्या ह्वोल्सवोट्लूर गावातील शाळेचे विद्यार्थी २०१० पासून दर शरद ऋतूत येऊन मुखाचे अंतर मोजतात. आरंभी हे अंतर जमिनीवर चालत मोजता येत असे. पुढे सरोवर वाढल्यामुळे त्यांना बर्फापर्यंत होडीतून जावे लागू लागले.