सज्ञान मुलीचा ‘ताबा’ कुणालाच मिळत नसतो

घटस्फोटाच्या भांडणात एकानं मूल उचलून नेलं की दुसरा उच्च न्यायालयात हेबियस कॉर्पस (बेकायदा डांबलेल्या माणसाला कोर्टापुढे हजर करा, अशी याचिका) टाकतो, हे आता सगळ्यांना माहीत आहे. तिथं मुलाचं हित पाहून ताबा ठरतो. ठीक.

घोळ होतो तो 22 वर्षांच्या मुलीला घरच्यांनी डांबून ठेवल्याची याचिका तिच्या जोडीदाराकडून येते तेव्हा. याचिकेचं नाव तेच, म्हणून लोक कसोटीही तीच लावतात. मुलगा कमावतो का, लग्न रीतसर लागलं का, आईबाप काय वाईट चिंतणार आहेत का? यातलं सगळंच इथं गैरलागू. 18 पूर्ण झाली की एवढंच विचारायचं: तुला कुठं राहायचंय? तिचा निर्णय मूर्खपणाचा वाटला, तरी तो तिचाच. (‘मुलीचा ताबा वडिलांकडे’ असे मथळे देणाऱ्यांनी आधी तिचं वय वाचावं.)

न्यायालयंही इथं घसरली आहेत. 2017 मध्ये केरळ उच्च न्यायालयानं वडिलांच्या याचिकेवर 24 वर्षांच्या हादियाचं लग्नच रद्दबातल ठरवलं आणि तिला त्यांच्या हवाली केलं. मार्च 2018 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तो निकाल फिरवला: हेबियस कॉर्पसमध्ये लग्न मोडायचा अधिकारच नाही. पुढच्याच महिन्यात केरळचंच दुसरं प्रकरण. नवरा 21 चा नव्हता, म्हणून मुलगी बापाकडे सोपवली होती. सर्वोच्च न्यायालय म्हणालं, दोघं सज्ञान आहेत, लग्नाशिवायही एकत्र राहू शकतात.

आता खरी मेख. ‘ती म्हणाली, मी राजीखुशीनं घरी आहे’ एवढ्यावर याचिका निकाली काढणं मला मान्य नाही. कुणासमोर म्हणाली? दाराशी भाऊ आणि समोर हवालदार असताना दिलेल्या जबाबाला काय किंमत? मार्च 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं याबाबत मार्गदर्शक सूचनाच दिल्या: तिच्याशी एकांतात बोला, घरच्यांचा दबाव राहणार नाही असं पाहा, समुपदेशनाच्या नावाखाली मन वळवू नका. गंमत म्हणजे त्या प्रकरणातल्या मुलीनं आईवडिलांकडेच राहायचं म्हटलं आणि जोडीदाराची याचिका फेटाळली गेली. बरोबरच झालं. विचारलं नीट, तर उत्तर कुठलंही येवो, ते मानायचं.

या याचिकेशी ज्यांची गल्लत होते, त्या इतर मार्गांचा किरकोळ फरकही सांगून टाकतो. ‘हरवल्याची’ तक्रार पोलीस ठाण्यात होते. सज्ञान माणूस सापडला आणि ‘स्वतःहून गेलो’ म्हणाला की विषय संपतो. बेकायदा कोंडून ठेवलेल्या माणसाच्या शोधासाठी दंडाधिकारीही वॉरंट काढू शकतात: आधी फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम 97, जुलै 2024 पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम 100.

आणि याचिका करणाऱ्या जोडीदारांनो, लग्नाच्या फोटोंचा अल्बम जोडून भागत नाही. तिला कुठं ठेवलंय, फोन कधीपासून बंद आहे, घरी राहायचं नाही असं तिनं कुठल्या मेसेजमध्ये लिहिलंय, ते प्रतिज्ञापत्रात आधी येऊ द्या.