सांगलीतील जाहिरात व्यवसाय

सांगली, मिरज व कुपवाड या शहरांत वृत्तपत्रे, रस्त्यावरील फलक, आकाशवाणी व समाजमाध्यमे यांसाठी जाहिराती मिळविण्याचा, त्या तयार करण्याचा व प्रसिद्ध करण्याचा व्यवसाय.

त्याचा आरंभ कोठे धरावा, हे जाहिरातीच्या व्याख्येवर अवलंबून आहे. नाटकांची प्रसिद्धी हा आरंभ मानल्यास तो एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत मागे जातो. तथापि विष्णुदास भावे यांचे १८४३ मधील ‘सीता स्वयंवर’ सांगली दरबारात झाले व तेथे प्रेक्षक जमविण्याचा प्रश्न नव्हता. सांगलीचे संस्थानिक चिंतामणराव पटवर्धन यांच्या निधनानंतर (१८५१) राजाश्रय आटला आणि नाटक मंडळींना तिकिटाच्या खेळांसाठी बाहेर पडावे लागले, त्यामुळे त्या प्रसिद्धीचे श्रेय सांगलीइतकेच मुंबईसारख्या शहरांकडे जाते. मालाच्या विक्रीसाठी पद्धतशीर जाहिरात असा अर्थ घेतल्यास किर्लोस्करवाडी (किर्लोस्करांच्या लोखंडी नांगरांच्या कारखान्याची वसाहत, स्था. १९१०) हा आरंभ अधिक ग्राह्य ठरतो. लोखंडी नांगराने जमीन विषारी होते अशी शेतकऱ्यांची समजूत असल्याने नांगर विकण्यापूर्वी ती दूर करणे भाग होते. कारखान्याच्या माहितीसाठी १९२० मध्ये निघालेल्या ‘किर्लोस्कर खबर’चे संपादक शंकरराव किर्लोस्कर होते व या पत्राचे पुढे सर्वसाधारण मासिक झाले. मात्र किर्लोस्करवाडी त्या काळी औंध संस्थानात होती, सांगली संस्थानात नव्हे. आज ती सांगली जिल्ह्याच्या पलूस तालुक्यात मोडते, म्हणूनच तिची गणना येथे केली आहे.

सांगलीचे आकाशवाणी केंद्र १९६३ मध्ये सुरू झाले. येथील बहुतेक जाहिरात संस्था मजकूर घडविण्यापेक्षा मध्यस्थीवर चालतात. वृत्तपत्रातील जागा कॉलम सेंटीमीटरवर (एका स्तंभाच्या रुंदीची, एक सेंटीमीटर उंचीची जागा) मोजली जाते व संस्थेस परंपरेने शेकडा १५ दलाली मिळते. हळद व बेदाणा हा शहराचा मोठा व्यापार सौद्यांत होत असल्याने तो या व्यवसायाला फारसे काम देत नाही. काम मिळते ते सराफ, कापड दुकाने, शिकवण्या व गृहप्रकल्प यांच्याकडून, आणि त्यातही पाडवा-दसऱ्याच्या सुमारास. मिरजेच्या वैद्यकीय व्यवसायाचे प्रकरण वेगळे आहे. डॉक्टरांनी रुग्ण मिळविण्यासाठी जाहिरात करण्यास २००२ च्या वैद्यकीय आचारसंहितेने मनाई केली असून व्यवसायाचा आरंभ, पत्त्यातील बदल, तात्पुरती अनुपस्थिती अशा मोजक्या कारणांसाठीच निवेदन देता येते. ‘दवाखान्याचे स्थलांतर’ या धर्तीच्या छोट्या जाहिरातींचे मूळ येथे आहे.

फलकांच्या बाबतीत महाराष्ट्र मालमत्ता विद्रूपण प्रतिबंध अधिनियम, १९९५ व महानगरपालिकांसाठीचे २०२२ चे नियम लागू आहेत. बेकायदा फलकांविरुद्धची मुंबई उच्च न्यायालयातील बहुचर्चित जनहित याचिका (२०११) शेजारच्या साताऱ्यातील सुस्वराज्य फाउंडेशनची होती व तिचा निकाल २०१७ मध्ये लागला. वाढदिवस व निवडीच्या अभिनंदनाचे फ्लेक्स मात्र चौकाचौकांत दिसतात. त्यांचा खर्च छपाईवाल्याकडे जातो, जाहिरात संस्थेकडे क्वचितच.