थकवा म्हणजे मायटोकॉन्ड्रिया मेली?

सोसायटीच्या ग्रुपवर वर्षानुवर्षं फिरणारा मेसेज: सतत थकवा येतो म्हणजे पेशींतली मायटोकॉन्ड्रिया मेली, अमुक पावडर घ्या, पुन्हा चार्ज होतील.

यातलं थोडं खरं आहे, म्हणूनच ते पटतं. पेशीला लागणारी बहुतेक ऊर्जा, म्हणजे एटीपी, मायटोकॉन्ड्रियातच तयार होते. पण त्यांचा खरा आजार बहुधा जनुकांतल्या दोषातून येतो आणि तो विरळा असतो, साधारण ५,००० माणसांत एकाला. शिवाय तो नुसत्या थकव्यावर थांबत नाही. ज्या अवयवांना ऊर्जा जास्त लागते तिथे तो दिसतो: पापण्या खाली येणं, स्नायू दुबळे होणं, फिट्स, ऐकू कमी येणं, हृदयाचा त्रास, अनेकदा दोन-तीन गोष्टी एकत्र. अशी लक्षणं असतील तर सरळ न्यूरोलॉजिस्टकडे जा. निदान जनुक-चाचणीने, कधी स्नायूचा तुकडा तपासून होतं.

विरार-चर्चगेट रोज उभ्याने करणाऱ्याच्या थकव्याचं कारण बहुधा साधं निघतं: अपुरी झोप, रक्त कमी असणं, थायरॉईड, साखर. डॉक्टरांना विचारून हिमोग्लोबिन, फेरिटिन (शरीरातला लोहाचा साठा), टीएसएच (थायरॉईडची चाचणी), बी१२ (जीवनसत्त्व), एचबीए१सी (साधारण तीन महिन्यांची सरासरी साखर) या रक्तचाचण्या करून घ्या. आणि मायटोकॉन्ड्रिया वाढवायचीच असतील, तर नियमित व्यायामाने स्नायूंत ती खरोखर वाढतात. पावडरीचा डबा तोवर दुकानातच राहू द्या.