बार्बरा डिक्सन ‘चेस’च्या प्रयोगात नव्हत्या
‘चेस’ या संगीतिकेतील ‘आय नो हिम सो वेल’ हे इलेन पेज आणि बार्बरा डिक्सन या गायिकांचे द्वंद्वगीत १९८५ मध्ये ब्रिटनमध्ये चार आठवडे पहिल्या क्रमांकावर होते, आणि तेव्हापासून डिक्सन यांनी लंडनमध्ये त्या संगीतिकेत स्वेतलानाची भूमिका केली, असे सर्रास सांगितले जाते. हे खरे नाही. त्यांचा आवाज आहे तो प्रयोगाआधी, १९८४ मध्ये निघालेल्या ध्वनिमुद्रिकेत. १९८६ मध्ये संगीतिका रंगमंचावर आली, तेव्हा स्वेतलाना साकारली ती शिवॉन मॅकार्थी यांनी.

या गैरसमजामुळे त्यांची खरी रंगभूमीवरील कामगिरी झाकली जाते, याचे अधिक वाईट वाटते. स्कॉटलंडमधील डनफर्मलिन येथे जन्मलेल्या आणि लोकगीतांच्या क्लबांतून घडलेल्या या गायिकेने १९७४ मध्ये लिव्हरपूलला विली रसेल यांच्या नाटकात पियानोवर बसून बीटल्सची गाणी गायली. पुढे रसेल यांच्याच ‘ब्लड ब्रदर्स’ या संगीतिकेत १९८३ साली, जुळ्यांपैकी एक मूल देऊन टाकावे लागलेल्या मिसेस जॉनस्टन या आईची भूमिका त्यांनी प्रथम केली, आणि तिच्यासाठी त्यांना सर्वोत्कृष्ट संगीतिका-अभिनेत्रीचा ऑलिव्हिए हा ब्रिटिश नाट्यपुरस्कार मिळाला.