माकडाच्या मणक्यावरचा काटा

1540 साली इटलीतील बोलोन्या येथे शरीररचनेची प्रात्यक्षिके दाखवताना आंद्रेआस व्हेसालियस या तरुण शिक्षकाने माणसाचा आणि माकडाचा असे दोन सांगाडे जोडून उभे केले. माकडाच्या कमरेच्या मणक्यांवर एक बारीक, टोकदार काटा होता, जो खालच्या मणक्याच्या सांध्याला बाहेरून धरून ठेवतो. हाच काटा रोममधील ग्रीक वैद्य गॅलेनने दुसऱ्या शतकात माणसाच्या मणक्यावर असल्याचे लिहिले होते. शेजारच्या मानवी सांगाड्यात मात्र तो दिसेना. सुमारे 1300 वर्षे प्रमाण मानले गेलेले ते मानवी शरीर बऱ्याच अंशी माकडाचे होते.

गॅलेनला नुसता दोष देणे मला अन्यायाचे वाटते. रोमन जगात मानवी शवविच्छेदनाला मुभा नव्हती, म्हणून त्याने उत्तर आफ्रिकेतली बिनशेपटीची बार्बरी माकडे अभ्यासली. शिवाय मानवी हाडे प्रत्यक्ष पाहायची असतील, तर अलेक्झांड्रियाला जा, असेही तो विद्यार्थ्यांना सांगत असे. त्याचे पुष्कळसे वर्णन माणसालाही लागू पडते, कारण माकडे आणि माणूस यांचा समान पूर्वज साधारण अडीच ते तीन कोटी वर्षांपूर्वी होऊन गेला. माकडाचा जबडा उघडून पाहिला, तर पटाशीचे दात, सुळे, उपदाढा आणि दाढा मिळून आपल्यासारखेच 32 दात त्याच क्रमाने लागलेले दिसतात.

जिथे वर्णन चुकते, ती जागा अधिक बोलकी आहे. गॅलेनने छातीच्या मधल्या हाडाचे सात भाग सांगितले, तर व्हेसालियसला माणसात तीनच आढळले. माकडात हे तुकडे एकामागे एक सुटे राहतात. माणसाच्या लहान मुलातही मधला भाग असाच तुकड्यातुकड्यांचा असतो आणि वाढत्या वयात ते तुकडे सांधले जाऊन एक रुंद पट्टी तयार होते. कमरेचे मणके माकडात सहसा सात असतात, माणसात पाच. चार पायांवर धावणाऱ्या आणि झेप घेणाऱ्या प्राण्याला लांब, लवचिक कंबर उपयोगी पडते.

शेपटीने मात्र फसगत होऊ शकते. माथेरान-महाबळेश्वरला दिसणारे, डोक्यावर केसांची टोपी असलेले लांब शेपटीचे माकड आणि बिनशेपटीचे बार्बरी माकड एकाच प्रजातीगटातले आहेत. म्हणजे बार्बरी माकडाची शेपटी गेली ती आपल्या पूर्वजांच्या शेपटीशी संबंध न ठेवता, स्वतंत्रपणे. गॅलेनला ते माणसाच्या जवळचे वाटले, तरी हे साम्य नात्यातून आलेले नाही. आपल्या शेपटीचा अवशेष पाठीच्या कण्याच्या टोकाशी आहे आणि मराठीने त्याला माकडहाड असे चपखल नाव दिले आहे.

व्हेसालियसला न सापडलेला तो काटाही पुरता नाहीसा झालेला नाही. माणसाच्या कमरेच्या मणक्यावर, आडव्या प्रवर्धनाच्या, म्हणजे बाजूला निघालेल्या हाडाच्या फाट्याच्या मुळाशी, त्याच जागी एक लहानसा उंचवटा असतो. हाड हातात धरून अंगठा फिरवला, तर तो बोटाला लागतो.